साधा फोन चालता ठेवताना

साधा मोबाइल फोन, म्हणजे ज्याला अंकांची बटणे आहेत, ज्याचा पडदा स्पर्शाने चालत नाही आणि ज्यात बाहेरची ॲप सहसा टाकता येत नाहीत असा फोन, आजही महाराष्ट्रातील असंख्य घरांत रोजच्या वापरात आहे. शेतावर जाणारा शेतकरी, नजर मंदावलेले आजोबा, बांधकामावर दिवसभर राबणारा मजूर आणि परीक्षेच्या काळात स्मार्टफोन ठरवून बाजूला ठेवणारा विद्यार्थी, हे सगळे वेगवेगळ्या कारणांनी याच फोनकडे वळतात आणि त्यांपैकी कोणालाही मागासलेला ठरवण्याचे कारण नाही. या फोनविषयी सर्वाधिक ऐकू येणारी तक्रार ‘आता हा चालत नाही’ अशी असते. परंतु बारकाईने पाहिले तर बहुतेक वेळा फोन शाबूत असतो आणि बदललेले असते ते त्याच्या भोवतीचे जाळे, सिमकार्ड, बँकेची पडताळणी किंवा रिचार्जची योजना. म्हणून साधा फोन स्वतः वापरायचा असो किंवा घरातल्या वडीलधाऱ्यांना द्यायचा असो, या भोवतालच्या गोष्टी आधी समजून घ्याव्या लागतात.

जाळे आधी, फोन नंतर

कपाटातला जुना फोन पुन्हा सुरू करण्यापूर्वी किंवा नवा विकत घेण्यापूर्वी तो कोणत्या पिढीच्या जाळ्यावर चालतो हे पाहणे सर्वांत महत्त्वाचे असते. साधारण २००० ते २०१० या काळात भारतात विकले गेलेले बहुसंख्य बटणांचे फोन दुसऱ्या पिढीच्या, म्हणजे २जी जाळ्यासाठी बनवलेले आहेत. हे जाळे मुख्यतः आवाज आणि छोटे संदेश यांच्यासाठी उभारलेले असून ते भारतात ९०० आणि १८०० मेगाहर्ट्झच्या लहरींवर चालते. जिओने ५ सप्टेंबर २०१६ रोजी सेवा सुरू केली ती थेट ४जी जाळ्यावर, त्यामुळे त्या कंपनीकडे २जी जाळे कधीच नव्हते आणि तिचे सिम जुन्या नोकियात घातले तर सिम व फोन दोन्ही ठणठणीत असूनही रेंज येत नाही. एअरटेल आणि व्होडाफोन-आयडिया यांनी ३जी सेवा गुंडाळत आणली असली तरी २जी चालू ठेवली आहे, आणि म्हणूनच जुन्या फोनसाठी सिम निवडताना या कंपन्यांचा, तसेच बीएसएनएलचा विचार प्रथम करावा लागतो. ३जीच्या काळातले बटणांचे फोन टाकाऊ झालेले नाहीत, कारण ३जी मिळाले नाही की ते आपोआप २जीवर उतरतात. याउलट रिलायन्स आणि टाटा इंडिकॉम यांनी एकेकाळी विकलेले सीडीएमए पद्धतीचे फोन कितीही नवे दिसत असले तरी ते आता उपयोगाचे नाहीत, कारण ती पद्धतच देशातून गेली आहे.

नवा फोन घ्यायचा असल्यास ४जी जाळ्यावर चालणारा बटणांचा फोन घेणे शहाणपणाचे ठरते. ४जी जाळ्यात आवाज हा वेगळ्या मार्गाने न जाता माहितीच्या छोट्या पुडक्यांच्या रूपात इतर माहितीबरोबरच जातो. या व्यवस्थेला व्होल्टी म्हणतात आणि फोनच्या खोक्यावर तिचा उल्लेख नसेल तर तो फोन ४जी म्हणवत असला तरी जिओच्या सिमवर त्यातून साधे बोलणे होणार नाही. जिओफोन किंवा जिओभारत हे संच स्वस्त आणि सोयीचे असले तरी ते त्याच कंपनीच्या सिमला बांधलेले असतात, ही गोष्ट विकत घेताना दुकानदाराला स्पष्ट विचारून घ्यावी. सह्याद्रीच्या घाटमाथ्यावरील वाड्या, कोकणातील खोल खोऱ्यांतली गावे किंवा गडचिरोलीतील जंगलपट्टा अशा ठिकाणी कोणत्या कंपनीचा टॉवर पोहोचतो यावरच सगळे अवलंबून असते, तेव्हा शेजाऱ्याचे सिम स्वतःच्या फोनमध्ये घालून घरात, अंगणात आणि शेताच्या बांधावर रेंज किती येते हे प्रत्यक्ष पाहावे. अशी अर्ध्या तासाची पाहणी कोणत्याही जाहिरातीपेक्षा भरवशाची असते.

परदेशी असलेल्या मुलांकडे काही महिन्यांसाठी जाणाऱ्या आईवडिलांनी आपला जुना फोन तिथेही चालेल असे गृहीत धरू नये. अमेरिकेत एटी अँड टी या मोठ्या कंपनीने १ जानेवारी २०१७ पासून आपले २जी जाळे बंद केले, सिंगापूरमध्ये ते २०१७ च्या एप्रिलपासून बंद झाले आणि ऑस्ट्रेलियात तर २०२४ च्या अखेरीस ३जीदेखील संपले. त्यामुळे या देशांत २जी फोन हातात असला तरी तो घड्याळ आणि टॉर्च यांपलीकडे कामाचा राहत नाही.

सिम आणि त्यावरची नावे

जुन्या फोनमध्ये सिमची जागा मोठी असते. पूर्वीचे प्रचलित सिम २५ बाय १५ मिलिमीटरचे होते, तर स्मार्टफोनमधील नॅनो सिम जेमतेम १२.३ बाय ८.८ मिलिमीटरचे असते. त्यामुळे स्मार्टफोनमधून काढलेले सिम जुन्या फोनमध्ये बसवण्यासाठी प्लॅस्टिकची चौकट, ज्याला दुकानात ‘अडॅप्टर’ म्हणतात, वापरावी लागते. ही चौकट सैल असेल तर सिम आत अडकते आणि ओढून काढताना सिमच्या घरातल्या बारीक पितळी पट्ट्या वाकतात, म्हणून चौकटीच्या मागच्या बाजूला पातळ चिकटपट्टी लावून मगच ती सरकवावी. शक्य असेल तर कंपनीच्या अधिकृत दुकानातून तीनही आकारांत तोडता येणारे नवे सिम घेणे अधिक चांगले. मात्र सिम बदलल्यानंतर पहिले २४ तास त्या क्रमांकावरील एसएमएसची ये-जा फसवणूक टाळण्यासाठी बंद ठेवली जाते, त्यामुळे ज्या दिवशी बँकेचे किंवा आधारचे काम असेल त्याच्या आदल्या दिवशी सिम बदलण्याचा घाट घालू नये.

स्मार्टफोनमधील नावे-क्रमांक साध्या फोनमध्ये आणण्याचा सर्वांत सरळ मार्ग सिममधूनच जातो, कारण सिमवर साधारण अडीचशे नोंदी मावतात. अडचण अशी की सिमवरच्या नोंदीत सामान्यतः एक नाव आणि एकच क्रमांक राहतो आणि नावालाही मोजक्याच अक्षरांची जागा असते. ‘सुनंदा मावशी सातारा नवीन नंबर’ अशी लांब नोंद सिमवर तुटते आणि मग कोणती सुनंदा हे कळेनासे होते. म्हणून हलवण्यापूर्वी नावे छोटी करावीत, एका माणसाचे दोन क्रमांक असतील तर दोन वेगळ्या नोंदी कराव्यात आणि रोजच्या उपयोगाच्या तीस-चाळीस नोंदींपुरतीच यादी ठेवावी. त्यांतले घरातले, डॉक्टरांचे आणि शेजाऱ्यांचे क्रमांक एकेका बटणाशी जोडून ठेवता येतात. या सोयीला स्पीड डायल म्हणतात आणि २ ते ९ यांपैकी एखादे बटण दाबून धरले की तो क्रमांक लागतो. ज्यांना अक्षर वाचता येत नाही किंवा दिसत नाही अशांसाठी ही सोय फार मोलाची आहे. याखेरीज सर्व क्रमांक एका वहीत हाताने लिहून ठेवावेत, कारण साध्या फोनमधील नावे इंटरनेटवर आपोआप जतन होत नाहीत आणि फोन हरवला की तीही जातात.

सिमला स्वतःचा चार अंकी कुलूपक्रमांक लावता येतो, याकडे फारसे कोणी लक्ष देत नाही. स्मार्टफोन बोटाच्या ठशाने बंद असतो. साधा फोन मात्र ज्याच्या हाती पडेल त्याला उघडा असतो आणि त्यातील सिम दुसऱ्या फोनमध्ये घातले की बँकेचे संदेशही त्याच्याच हाती जातात. सिमचा पिन चालू असेल तर फोन बंद करून सुरू करताना किंवा सिम दुसरीकडे घालताना तो द्यावाच लागतो. मात्र तीनदा चुकीचा पिन दाबला की सिम बंद होते आणि ते उघडण्यासाठी कंपनीकडून पीयूके नावाचा आठ अंकी क्रमांक घ्यावा लागतो. तोही दहा वेळा चुकला तर सिम कायमचे निकामी होते. म्हणून पिन ठरवल्यावर तो घरातल्या वहीत नोंदवून ठेवावा आणि आठवत नसेल तर अंदाजाने बटणे दाबत राहू नये.

संदेशांचा कप्पा

साध्या फोनमध्ये एसएमएस हाच बाहेरच्या जगाशी असलेला लेखी दुवा आहे, आणि त्यातच सर्वांत जास्त घोळ होतात. ओटीपी, म्हणजे एकदाच वापरायचा पडताळणीचा क्रमांक, आला नाही म्हणून बँकेत किंवा सेवा केंद्रात हेलपाटे घालणाऱ्यांनी आधी फोनचा संदेशकप्पा पाहावा. जुन्या फोनमध्ये संदेशांसाठी जागा अत्यंत थोडी असते. रिचार्जच्या, कर्जाच्या आणि बक्षिसांच्या जाहिरातींनी ती भरली की पुढचा संदेश टॉवरपर्यंत येतो, पण फोन तो घेऊ शकत नाही. पडद्याच्या वरच्या कोपऱ्यात लिफाफ्याचे चिन्ह सतत लुकलुकत असेल तर, निदान जुन्या नोकिया फोनमध्ये, तो नवा संदेश नसून कप्पा भरल्याचा इशारा असतो. अशा वेळी जुने संदेश पुसले की थांबून राहिलेला ओटीपी बहुधा काही क्षणांत येतो, मात्र त्याची मुदत टळून गेली असल्यास तो पुन्हा मागवावा लागतो. महत्त्वाच्या कामाला निघण्यापूर्वी कप्पा रिकामा करणे ही सवय लावून घ्यावी, तसेच जाहिराती मुळातच थांबवण्यासाठी १९०९ या क्रमांकावर इंग्रजी अक्षरांत ‘स्टार्ट’, मग मोकळी जागा आणि शून्य असा संदेश पाठवावा; त्यामुळे नोंदणीकृत कंपन्यांचे प्रचारसंदेश अडवले जातात आणि बँकेचे व्यवहारसंदेश मात्र येत राहतात.

मराठीत संदेश लिहिताना आणखी एक हिशेब लक्षात ठेवावा लागतो. एका एसएमएसमध्ये १४० बाइट, म्हणजे माहितीची १४० छोटी घरे असतात; रोमन अक्षरे दाटीवाटीने बसवता येत असल्याने त्यांची १६० चिन्हे मावतात, पण देवनागरीच्या प्रत्येक चिन्हाला दोन घरे लागतात आणि म्हणून मराठी संदेश ७० चिन्हांवर संपतो. शिवाय काना, मात्रा, वेलांटी आणि जोडाक्षरातला हलन्त यांची गणना स्वतंत्र चिन्हे म्हणून होते. ‘उद्या सकाळी आठच्या एसटीने निघतो’ हे वाक्य डोळ्यांना छोटे दिसते, परंतु त्यातल्या मात्रा आणि मोकळ्या जागा धरून त्याची ३१ चिन्हे होतात, म्हणजे संदेशाचा जवळजवळ अर्धा भाग एका वाक्यात जातो. सत्तरी ओलांडली की फोन संदेशाचे तुकडे करतो आणि प्रत्येक तुकड्याचा वेगळा एसएमएस धरला जातो. बऱ्याच जुन्या फोनमध्ये देवनागरी अक्षरे नसतातच आणि आलेला मराठी संदेश नुसते चौकोन दाखवतो; भारतीय मानक ब्यूरोने २०१६ मध्ये काढलेल्या आयएस १६३३३ भाग ३ या मानकानुसार नव्या फोनमध्ये भारतीय भाषा वाचण्याची सोय अपेक्षित आहे, तेव्हा मराठी वाचणाऱ्या वृद्धांसाठी फोन घेताना दुकानातच एक मराठी संदेश पाठवून तो नीट दिसतो का हे पाहावे. अक्षराचा आकार मोठा करता येतो का, हेही त्याच वेळी पाहून घेता येते.

बॅटरी आणि चार्जर

साध्या फोनची बॅटरी काढता येते आणि बदलता येते, हे त्याचे फार मोठे बळ आहे. नोकियाच्या कित्येक फोनमध्ये वापरली गेलेली ३.७ व्होल्टची बीएल-५सी बॅटरी आजही गावोगावच्या मोबाइल दुकानांत मिळते, मात्र तिच्या नकलाही तितक्याच मिळतात. अस्सल बॅटरीतही दोष निघू शकतो: ऑगस्ट २००७ मध्ये नोकियाने डिसेंबर २००५ ते नोव्हेंबर २००६ या काळात मात्सुशिता कंपनीने बनवलेल्या सुमारे ४ कोटी ६० लाख बीएल-५सी बॅटऱ्या चार्ज होताना अतिशय तापण्याची शक्यता असल्याचे जाहीर करून त्या बदलून देण्याची तयारी दाखवली होती. त्यामुळे जुन्या फोनबरोबर सापडलेली तितकीच जुनी बॅटरी कौतुकाने वापरत बसण्यात अर्थ नाही. बॅटरी सपाट टेबलावर ठेवून बोटाने हलकेच फिरवावी. ती भोवऱ्यासारखी गरगर फिरली तर तिचे पोट फुगलेले आहे असे समजावे आणि ती पुन्हा चार्ज करू नये, टोचू नये किंवा चुलीत टाकू नये, तर ई-कचरा घेणाऱ्या केंद्रात द्यावी. बराच काळ न वापरायचा फोन ठेवताना बॅटरी साधारण अर्धी भरलेली असावी आणि ती काढून वेगळी ठेवावी.

बॅटरी लवकर उतरते ही तक्रार नेहमीच बॅटरीची नसते. टॉवर लांब असेल तर २जी फोन आपली प्रक्षेपणशक्ती वाढवतो. ९०० मेगाहर्ट्झवर ती २ वॅटपर्यंत जाऊ शकते, तर टॉवर जवळ असताना तीच कितीतरी पटींनी खाली येते. जो फोन शहरात चार-पाच दिवस चालतो तोच डोंगराआडच्या घरात दीड दिवसात उतरतो, याचे कारण हेच असते. घरात रेंज जिथे चांगली मिळते अशी खिडकीजवळची जागा ठरवून फोन तिथेच ठेवला तर बॅटरी टिकते आणि फोनही लागतो. चार्जर घेताना पिन पाहून घ्यावी, कारण नोकियाच्या अगदी जुन्या फोनची पिन जाड म्हणजे साडेतीन मिलिमीटरची आणि नंतरच्या फोनची बारीक म्हणजे दोन मिलिमीटरची आहे. दुकानदार त्यांना ‘जाडी पिन’ आणि ‘बारीक पिन’ याच नावांनी ओळखतात.

पैशांचे व्यवहार

साध्या फोनवरून यूपीआय होत नाही, हा समज चुकीचा आहे. रिझर्व्ह बँकेने ८ मार्च २०२२ रोजी यूपीआय १२३पे ही सेवा खास अशा फोनसाठी सुरू केली. तिच्या एका प्रकारात बँकेत नोंदवलेल्या क्रमांकावरून ठरावीक क्रमांकाला फोन लावायचा असतो, ध्वनिमुद्रित सूचना ऐकत भाषा आणि बँक निवडायची असते, आणि पुढे कोणाला किती पैसे द्यायचे ते बटणांनी सांगून शेवटी यूपीआय पिन दाबायचा असतो. फोनमधली बटणे दाबल्यावर होणारे स्वर ओळखून पलीकडचा संगणक उत्तर देतो, म्हणून या सेवेला इंटरनेट लागत नाही. एका व्यवहाराची मर्यादा आधी ५,००० रुपये होती आणि ऑक्टोबर २०२४ मध्ये रिझर्व्ह बँकेने ती १०,००० रुपये करण्याचे जाहीर केले. काही नव्या बटणांच्या फोनमध्ये ही सेवा फोनच्या यादीतच दिलेली असते.

दुसरा मार्ग *९९# हा आहे. हा क्रमांक लावला की पडद्यावर प्रश्नांची यादी येते आणि उत्तराचा आकडा पाठवत पुढे जायचे असते. या पद्धतीला यूएसएसडी म्हणतात आणि ती एसएमएससारखी साठून न राहता तेवढ्या वेळापुरता चालणारा संवाद असते, त्यामुळे उत्तर द्यायला उशीर झाला की सगळे पहिल्यापासून करावे लागते. पहिल्या वेळी डेबिट कार्डाचे शेवटचे सहा आकडे आणि त्याच्या मुदतीचा महिना-वर्ष लागते, तेव्हा कार्ड समोर घेऊनच बसावे. शिल्लक पाहणे आणि ५,००० रुपयांपर्यंत पैसे पाठवणे यावरून होते, आणि एप्रिल २०२२ पासून ट्रायने, म्हणजे दूरसंचार नियामक प्राधिकरणाने, या संवादाचे शुल्क शून्यावर आणले आहे. ही सेवा जीएसएम जाळ्यावर चालणारी असल्याने २जीचा जुना फोन येथे मुळीच कमी पडत नाही. मात्र पिनचे आकडे पडद्यावर उघड दिसू शकतात, म्हणून ते दुकानाच्या गल्ल्यासमोर, चारचौघांत दाबू नयेत.

येथे एक गोष्ट ठामपणे सांगणे आवश्यक आहे. साध्या फोनच्या वापरकर्त्याला सर्वांत मोठा धोका फोनच्या जुनेपणाचा नसून तो पिन दुसऱ्याला सांगण्याच्या सवयीचा आहे. ‘तूच कर रे बाबा, मला जमत नाही’ असे म्हणून शेजारच्या मुलाच्या हाती फोन, कार्ड आणि पिन एकदम सोपवले जाते, आणि त्या मुलाच्या मनात काही वाईट नसले तरी पिन मग दोघांचा होतो. मदत करणाऱ्याने भाषा निवडावी, क्रमांक दाबावा, रक्कम मोठ्याने वाचून दाखवावी. पिनची वेळ आली की मात्र फोन मालकाच्या हातात देऊन तोंड फिरवावे. घरातल्या तरुणांनी आजी-आजोबांना हे चार आकडे स्वतः दाबायला शिकवण्यासाठी एखादी दुपार जरूर द्यावी, कारण त्यातून त्यांच्या पैशावरचा त्यांचा हक्क शाबूत राहतो.

जे साध्या फोनवर होत नाही

काही कामे या फोनवर होत नाहीत आणि त्यांसाठी आधीच सोय लावून ठेवणे बरे. व्हॉट्सॲपने कायओएस प्रणालीवरील, म्हणजे जिओफोनसारख्या संचांवरील सेवा २०२५ च्या सुरुवातीला बंद केली आणि नोकियाच्या जुन्या एस४० फोनवर ती २०१८ अखेर थांबली होती, त्यामुळे बटणांच्या फोनवर व्हॉट्सॲप मिळेल या आशेने जुना संच विकत घेऊ नये. मुख्य सिम साध्या फोनमध्ये ठेवून त्याच क्रमांकाचे व्हॉट्सॲप घरातल्या स्मार्टफोनवर वायफायने चालवण्याची पद्धत अनेकांनी अवलंबली आहे. तथापि दूरसंचार विभागाने नोव्हेंबर २०२५ मध्ये अशा सेवा चालू सिमशी बांधून ठेवण्याचे निर्देश दिले असल्याने तिच्यावर कायमचा भरवसा ठेवणे योग्य नाही. यूपीआयची ॲप तर आधीपासूनच ज्या फोनमध्ये सिम आहे त्याच फोनवर सुरू होतात.

महाराष्ट्रातील शेतकऱ्यांना २०२१ पासून सुरू झालेल्या ई-पीक पाहणीसाठी पिकाचे छायाचित्र ॲपमधूनच द्यावे लागते आणि हे साध्या फोनवर शक्य नाही. मात्र एका स्मार्टफोनवरून अनेक खातेदारांची नोंद करता येत असल्याने गावातल्या विश्वासू माणसाच्या फोनवरून, स्वतः शेतात उभे राहून, ती वेळेत करून घ्यावी. सातबारा, दाखले आणि इतर अर्ज यांसाठी आपले सरकार सेवा केंद्रात जावे लागते, पण तेथे लागणारा ओटीपी साध्या फोनवरच येतो, तेव्हा फोन चार्ज करून आणि संदेशकप्पा रिकामा करूनच निघावे. शासनाच्या प्रत्येक योजनेत ॲपशिवायचा एक मार्ग जिवंत राहिला पाहिजे, ही मागणी या फोनच्या वापरकर्त्यांनी ग्रामसभेत आणि तहसील कार्यालयात लावून धरणे न्याय्यच आहे.

फसवणूक आणि संकट

साध्या फोनमध्ये फसव्या फाइली येऊन बसत नाहीत, हा त्याचा खरा लाभ आहे. पण बोलण्यातून होणारी फसवणूक त्यावरही तितकीच होते. पोलीस किंवा सीबीआय असल्याचे सांगून ‘डिजिटल अटके’ची भीती घालणारा फोन, वीज तोडण्याची धमकी, केवायसी संपल्याची बतावणी हे सगळे साध्या फोनवरही येते, आणि भारतीय कायद्यात फोनवरून अटक अशी कोणतीही गोष्ट नाही हे घरातल्या प्रत्येकाला सांगून ठेवावे. अनोळखी माणसाने सांगितलेला, तारा किंवा चौकटीच्या चिन्हाने सुरू होणारा कोड कधीही लावू नये, कारण त्यामुळे फोन दुसऱ्याकडे वळवला जाऊ शकतो. शिवाय २जी जाळ्यात टॉवर फोनची ओळख तपासतो, फोन मात्र टॉवरची ओळख तपासत नाही, त्यामुळे बनावट टॉवरवरून बँकेच्या नावाने खोटा संदेश पाठवणे शक्य असते. संदेशावर बँकेचे नाव आहे एवढ्यावर विसंबून त्यातल्या क्रमांकाला फोन करू नये. पैसे गेलेच तर क्षणाचाही विलंब न लावता १९३० या क्रमांकावर कळवावे.

संकटाच्या वेळी ११२ हा क्रमांक लावावा. १ जानेवारी २०१७ पासून भारतात विकल्या जाणाऱ्या साध्या फोनमध्ये ५ किंवा ९ हे बटण दाबून धरल्यास आपत्कालीन फोन लागण्याची सोय बंधनकारक करण्यात आली. घरातील फोनवर यांपैकी कोणते बटण आहे हे पुस्तिकेत पाहून ठेवावे. रुग्णवाहिकेसाठी महाराष्ट्रात १०८ आहे, आणि शेतीविषयक सल्ल्यासाठी किसान कॉल सेंटरच्या १८००-१८०-१५५१ या निःशुल्क क्रमांकावर मराठीतून बोलता येते. फोनचा पंधरा आकडी ओळखक्रमांक, म्हणजे आयएमईआय, *#०६# दाबून मिळतो. तो वहीत लिहून ठेवला तर फोन चोरीला गेल्यावर पोलिसांत तक्रार देऊन संचार साथी या सरकारी व्यवस्थेमार्फत तो संच बंद करवता येतो. जुना फोन दुसऱ्याकडून विकत घेताना इंग्रजी अक्षरांत ‘केवायएम’, मोकळी जागा आणि हा पंधरा आकडी क्रमांक असा संदेश १४४२२ वर पाठवून तो चोरीचा किंवा बनावट नाही ना, हे आधी तपासावे.

रिचार्ज आणि क्रमांकाचे आयुष्य

इंटरनेट न वापरणाऱ्याने इंटरनेटचे पैसे का भरावेत, हा प्रश्न अनेक वर्षे अनुत्तरित होता. ट्रायने डिसेंबर २०२४ मध्ये नियम बदलून कंपन्यांना केवळ बोलणे आणि एसएमएस यांसाठीची योजना देणे बंधनकारक केले आणि अशा योजनांची मुदत ३६५ दिवसांपर्यंत नेण्यास मुभा दिली. दुकानदार बहुधा नेहमीचीच डेटाची योजना सुचवतो, म्हणून ‘नुसत्या बोलण्याची, जास्त दिवसांची’ असे स्पष्ट सांगून मागावे. वर्षभराची योजना एकरकमी महाग वाटली तरी दरमहा रिचार्ज विसरून क्रमांक बंद पडण्याची धास्ती तिच्यामुळे राहत नाही.

ही धास्ती खरी आहे, कारण सलग ९० दिवस क्रमांकाचा काहीच वापर झाला नाही तर कंपनी तो बंद करू शकते, आणि कायमचा बंद झालेला क्रमांक ठरावीक काळानंतर दुसऱ्या ग्राहकाला दिला जातो. मग पूर्वीच्या मालकाच्या बँकेचे संदेश अनोळखी माणसाकडे जाऊ लागतात. म्हणून एखादा क्रमांक सोडायचा असेल, किंवा घरातील ज्येष्ठ व्यक्तीच्या निधनानंतर तिचा फोन बंद करायचा असेल, तर सिम लगेच फेकून देऊ नये. आधी बँक, आधार, गॅस, शिधापत्रिका, निवृत्तिवेतन आणि विमा या प्रत्येक ठिकाणी जाऊन नवा क्रमांक नोंदवावा किंवा खाते रीतसर बंद करावे, बँकेचा शेवटचा संदेश नव्या क्रमांकावर आल्याची खात्री करून घ्यावी, आणि त्यानंतरच कंपनीच्या दुकानात अर्ज देऊन जुना क्रमांक बंद करावा.